आपल्या कॉम्प्लेक्सच्या महिला मंडळाला खुलं पत्र: हळदीकुंकवाचा मेसेज यंदा बदलूया

अध्यक्षबाई, सेक्रेटरी ताई आणि मंडळातल्या समस्त मैत्रिणींनो,

संक्रांत ते रथसप्तमीच्या मधल्या शनिवारी हळदीकुंकू ठेवलंय, क्लबहाऊस बुक झालंय, वाणाची वर्गणी पाचशे, हा मेसेज ग्रुपवर आला आणि मी पैसे लगेच पाठवून टाकले. मग मेसेज परत वाचला. "सर्व सुवासिनींनी अगत्य येण्याचे करावे." हा मेसेज दरवर्षी तोच असतो, तारीख बदलते आणि मागचं चित्र बदलतं, कधी पतंग कधी तिळगूळ, त्यामुळे कोणी मुद्दाम कुणाला वगळायला लिहिलाय असं मी अजिबात म्हणत नाहीये. पण त्या ग्रुपवर आपण दीडएकशे बायका आहोत आणि त्यातल्या बऱ्याच जणींच्या फोनवर तो मेसेज वाजतो आणि तो त्यांच्यासाठी नसतोच. ग्रुपवरच लिहिणार होते, पण तिथे सुप्रभात आणि "बी विंगची लिफ्ट चालू झाली का" याच्यात ते वाहून गेलं असतं, आणि खरं सांगायचं तर शेजारच्या तिन्ही कॉम्प्लेक्सची मंडळं पण हेच करतात, म्हणून मग खुलंच लिहावं म्हटलं.

विषय विधवांचा आहे असं समजून काही जणी इथेच स्क्रोल करतील, तर थांबा जरा. आपण बाईला बोलावताना तिच्या नवऱ्याची आणि पोराबाळांची हजेरी आधी घेतो, आणि ती हजेरी आपल्या प्रत्येकीची अगदी लहानपणापासून चालू असते, मला एवढंच म्हणायचंय.

लहान मुलींचं बघा. नवरात्रात आपण कुमारिका म्हणून दोन ते दहा वर्षांच्या मुली शोधत फिरतो, पाय धुतो, गजरा, रुमाल, क्लिपा, दक्षिणा. भोंडल्याला तर सगळाच आनंद, पाटावर हत्ती काढायचा, फेर धरायचा, खिरापत ओळखायला आरडाओरडा, आणि तिथे कुणी कुणाला काही विचारत नाही. मग तीच मुलगी अकरा-बारा वर्षांची होते, पाळी येते, आणि पुढच्या नवरात्रात तिला कुणी बोलावत नाही. तिला कोणी समजावून सांगतही नाही, नुसतं तिच्या धाकट्या बहिणीला बोलावणं येतं. मागच्या वर्षी आपल्याच विंगमधली एक सातवीतली पोर मला लिफ्टमध्ये म्हणाली, "काकू, मी आता देवी नाही का?" मी काय उत्तर दिलं ते जाऊ दे, तिला काही ते पटलेलं दिसलं नाही.

आणि गौरी-गणपतीच्या आधीचा आठवडा. कोपऱ्यावरच्या मेडिकलवाल्याला विचारा, पाळी पुढे ढकलायच्या गोळ्या त्या आठवड्यात किती खपतात. कॉलेजच्या मुली, नव्या सुना, चाळिशीतल्या बायका, सगळ्या घेतात. घरात तीन दिवसांच्या गौरी, पुरणाचा आणि सोळा भाज्यांचा नैवेद्य, आणि हाताखाली कोणी नाही, मग बाई बाजूला बसली तर करणार कोण? त्या हार्मोनच्या गोळ्या असतात, पाळी यायच्या दोन-तीन दिवस आधीपासून दिवसातून तीन-तीनदा घ्यायच्या, बंद केल्या की दोन-तीन दिवसांत पाळी येते. ज्यांना रक्ताच्या गुठळ्यांचा त्रास होऊन गेलाय किंवा लिव्हरचं काही आहे त्यांनी डॉक्टरला न विचारता हातही लावू नये अशी गोष्ट आहे ही, आणि आपण ती कफ सिरपसारखी काउंटरवरून घेतो आणि एकमेकींना देतो सुद्धा, "माझ्याकडे चार उरल्यात, घेऊन जा." गौरीला चालेल की नाही हे गौरीला कुणी विचारलंय? आपणच एकमेकींना विचारतो आणि आपणच नाही म्हणतो.

गंमत म्हणजे पाळी गेली की तीच बाई एकदम भाव खाऊन जाते. आपल्याकडे साधारण शेहेचाळीस-सत्तेचाळीसच्या आसपास पाळी जाते. त्या सुमारास तिला रात्री दोन वाजता घाम फुटतो, पंख्याखाली बसून राहते, चिडचिड होते, गुडघे बोलायला लागतात, त्याबद्दल मंडळाचा एकही कार्यक्रम नाही, डॉक्टरांचं एक साधं व्याख्यान नाही, पण "तुमचं आता अडचणीचं काही नाही ना, मग नैवेद्याचं तुम्हीच बघा" हे मात्र हक्काने. मला स्वतःला गेल्या तीन वर्षांत आरतीचं ताट सजवायला जितकं बोलावलंय तितकं आधी कधी बोलावलं नव्हतं. पण बढतीसोबत पोळ्या लाटायचं कामही माझ्याच गळ्यात पडतं हो.

मधली वर्षं तर सगळ्यात अवघड, म्हणजे लग्न झाल्यापासून पोर होईपर्यंतची. पहिली पाच वर्षं मंगळागौर, श्रावणातल्या मंगळवारी जागरण, झिम्मा, फुगडी, पिंगा, ते छानच असतं. पण तिथेच एखादी काकू कानात "यंदा काही गोड बातमी?" विचारून जाते आणि त्या पोरीचं पुढचं सगळं जागरण पाण्यात जातं. कुणाचं दोनदा राहिलेलं पडलंय, कुणी आयव्हीएफच्या तारखा घेऊन फिरतेय, कुणी दोघांनी ठरवलंय की मूल नकोच, आपल्याला काय माहीत असतं? आणि मग डोहाळजेवणाला ओटी भरायला पाच जणी निवडताना लेकुरवाळ्याच निवडायच्या, हे कोणी बोलत नाही पण पाळतात सगळ्या. मूल नसलेल्या बाईला नेमकं त्याच वेळी किचनमध्ये गुलाबजाम वाट्यांत भरायला पाठवतात. हे मी अनेकदा पाहिलंय, आणि इतक्या सफाईने होतं की पाठवणारीलाही वाटतं आपण मदतच मागितली.

डोहाळजेवणावरून आठवलं, तो बर्फी-पेढ्याचा खेळ आता बास करा बाई. झाकलेल्या वाट्यांतली एक उघडायची, पेढा निघाला तर मुलगा आणि टाळ्या, बर्फी निघाली तर मुलगी आणि "पहिली बेटी धनाची पेटी". गर्भलिंग तपासणीवर कायदा करणारं महाराष्ट्र हे देशातलं पहिलं राज्य, १९८८ सालीच केला, नंतर १९९४ ला देशाचा आला. मला माहितीये वाटीत काही सोनोग्राफी नसते, खेळ आहे. पण टाळ्यांचा आवाज दोन्ही वेळेला सारखा नसतो आणि तो त्या झोपाळ्यावर फुलांचे दागिने घालून बसलेल्या मुलीला नीट ऐकू येतो.

आता विधवांचं, कारण त्याशिवाय हे पत्र पूर्ण होणार नाही.

माझी एक जवळची नातेवाईक आहे, नाव-गाव नको. नवरा मुलगी आठवीत असताना गेला. मग हिने शिवणाचं मशीन, नंतर एका शाळेच्या ऑफिसात नोकरी, मुलीला इंजिनीअर केलं, लग्न ठरवलं, हॉल, दागिने, मानपान सगळं एकटीने. आणि लग्नाच्या दिवशी कन्यादानाला बसले मुलीचे काका-काकू. गौरीहाराशी ही नाही, रुखवताच्या टेबलापाशी उभी राहून लोकांना "जेवून जा हं" म्हणत होती. पुढे मुलीचं डोहाळजेवण झालं तेव्हा ओटी भरायला मावशी, आत्या, सासूबाई, शेजारीण, आणि आई मागे खुर्चीवर. मुलगी म्हणत होती आई तू ये, आईच नको म्हणाली. "उगाच कशाला, बाळाला काही झालं तर बोल लागेल." बघा म्हणजे, ज्या बाईने त्या पोरीला वाढवलं तिलाच वाटतंय की माझ्या हातून तांदूळ आणि नारळ पडला तर पोरीचं वाईट होईल. आणि हे तिच्या डोक्यात कोणी घातलं, कोण्या मोठ्या शास्त्र्याने नाही, आपणच घातलंय, दर वर्षी थोडं थोडं, न बोलावून.

त्यामुळे "अहो त्याच म्हणतात आम्हाला नको, त्यांनाच अवघड वाटतं" हे जे दर मीटिंगला कोणीतरी म्हणतं ना, ते खरं आहे, मी नाही म्हणत नाही. पण वीस वर्षं कुणाला जेवायला बोलावलं नाही आणि एकविसाव्या वर्षी ती म्हणाली मला भूक नाही, तर ते तिचं मत धरायचं का? बोलावणं आपलं काम आहे. यायचं की नाही, कुंकू लावून घ्यायचं की नुसतं अत्तर आणि तिळगूळ घ्यायचा, ते तिचं तिला ठरवू दे.

आणि एक साधं गणित. आपल्याकडे नवरा बहुतेक वेळा बायकोपेक्षा वयाने मोठा, आणि बायका जगतात पुरुषांपेक्षा जास्त. २०११ च्या जनगणनेत देशात ४ कोटींहून जास्त विधवा होत्या आणि विधुर त्याच्या निम्म्यानेही नव्हते. म्हणजे आज त्या सतरंजीवर बसून एकमेकींना कुंकू लावणाऱ्या आपल्यातल्या बहुतेक जणी कधी ना कधी त्या मेसेजच्या बाहेर जाणार आहेत. अशुभ बोलतेय असं वाटलं तर वाटू दे. एलआयसीचा एजंट हेच बोलतो तेव्हा आपण चहा देतो त्याला.

आता कोणी म्हणेल परंपरा आहे, आपण कोण बदलणारे. तर १८५२ साली पुण्यात सावित्रीबाई फुल्यांनी महिला सेवा मंडळातर्फे संक्रांतीचा तिळगूळ समारंभ केला होता आणि त्याच्या बोलावण्यातच सांगितलेलं होतं की बायका कोणत्याही जातीच्या असोत, सगळ्यांना एकाच जाजमावर बसवून हळदीकुंकू होईल. त्या काळात! म्हणजे बोलावण्याची भाषा बदलायची परंपरा पण आपलीच आहे की. आणि १८९० च्या सुमारास मुंबईत कामगार नेते नारायण मेघाजी लोखंड्यांच्या पुढाकाराने नाभिक समाजातल्या माणसांनी विधवांचं केशवपन करणार नाही असं ठरवलं, ज्यांची त्यात कमाई होती त्यांनी नाही म्हटलं. आपल्याला तर एक रुपयाही सोडायचा नाहीये, एक ओळ बदलायचीये फक्त.

फार जुनं नको असेल तर अलीकडचं घ्या. माझं माहेर कोल्हापूर जिल्ह्यात, शिरोळ तालुक्यातलं, त्यामुळे हे जरा अभिमानाने सांगते. मे २०२२ मध्ये आमच्या तालुक्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने ठराव केला की गावात नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, मंगळसूत्र तोडणं, बांगड्या फोडणं, जोडवी काढणं बंद, आणि तिला कार्यक्रमांत बोलवायचं. राजर्षी शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीचं वर्ष होतं ते. त्याच महिन्यात सरकारने परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींना हेरवाडचा कित्ता गिरवायला सांगितलं. आता ठराव झाला म्हणून दुसऱ्या दिवशी सगळं बदललं असं काही नसतं, घराच्या आत काय होतं ते घरातल्यांनाच माहीत. पण निदान गावाने कागदावर लिहून दिलं. आपण मोठ्या शहराजवळचे, क्लबहाऊसवाले, आपल्याकडे कागदावर अजून "सर्व सुवासिनींनी".

दुसरं टोक पण नको हां. मागच्या वर्षी कुणीतरी सुचवलं होतं की "विधवा भगिनींसाठी वेगळं खास हळदीकुंकू" ठेवू, नगरसेविका बाईंना बोलावू, फोटो पेपरला देऊ. कृपा करून नको. एकीला बाहेर ठेवणं जेवढं वाईट तेवढंच तिला स्टेजवर बसवून, बॅनरवर तिची ती ओळख छापून, साडी हातात देऊन फोटो काढणं. तिला तिच्या फ्लॅट नंबरने बोलवा, सगळ्यांबरोबर, त्याच दिवशी, त्याच सतरंजीवर. भाषण नको, "आज आम्ही एक क्रांतिकारी पाऊल" वगैरे तर अजिबात नको. तिने वाण घ्यावं, कुणाच्या तरी साडीला नाव ठेवावं आणि घरी जावं, बाकी सगळ्या जातात तशीच.

आणि मधल्या ज्या आहेत, ज्या कुठल्याच रकान्यात बसत नाहीत, त्यांचं तर आपण नावच घेत नाही. चाळिशीची आहे, लग्न केलेलं नाही, स्वतःचा फ्लॅट घेतलाय, मेंटेनन्स सगळ्यात आधी भरते, तिला भोंडल्याला बोलवायला ती मोठी आणि हळदीकुंकवाला बोलवायला ती "मिस". घटस्फोट झालेली आहे, तिला बोलवावं की नाही यावर मागे आपल्या कमिटीत अर्धा तास चर्चा झाली होती, मी होते तिथे, आणि शेवटी ठरलं काय तर "बघू". नवरा सोडून गेलाय पण कागदावर घटस्फोट नाही, तिला मात्र बोलावतो, कारण गळ्यात मंगळसूत्र आहे. म्हणजे आपण बघतो तरी काय नक्की?

हे सगळं न बघता पण होतं, आणि ते मी रोज बघितलंय. मी नोकरीला होते तेव्हा डोंबिवलीहून सकाळच्या फास्टला लेडीज डब्यात आमचा ग्रुप होता. ज्या प्रवास करतात त्यांना माहितीये, जानेवारीत डब्यात हळदीकुंकू होतं, दसऱ्याला डबा सजतो, कुणाचं लग्न ठरलं की केळवण होतं, कुणाला सातवा लागला की चालत्या गाडीत डोहाळजेवण होतं, एका हाताने वरची कडी धरून दुसऱ्या हाताने ओटी भरायची. आमच्या ग्रुपमध्ये एक मॅडम होत्या कोर्टात नोकरीला, मिस्टर जाऊन बरीच वर्षं झालेली, त्याच सगळ्यांची पहिली ओटी भरायच्या कारण त्या कल्याणला चढायच्या आणि सीटवर बसलेल्या असायच्या. एवढंच कारण! एक नर्स होती लग्न न केलेली, एक दक्षिण मुंबईत दुकानात काम करणारी मुस्लिम मुलगी होती, ती तिळगूळ घ्यायची आणि ईदला आम्हाला शीरखुर्मा आणायची. ठाणे ते कुर्ला एवढ्या वेळात सगळं उरकायचं असायचं, तिथे कोण कुणाचा नवरा जिवंत आहे का विचारत बसणार? मग हीच बाई संध्याकाळी गाडीतून उतरून कॉम्प्लेक्सच्या गेटमधून आत आली की एकदम तिचे नियम चालू. हे मला आजवर कळलेलं नाही.

आपल्याच मंगळागौरीच्या खेळांच्या ग्रुपचं घ्या की. नऊवारी नेसून, नथ घालून, चंद्रकोर लावून आपण स्पर्धांना जातो, बक्षिसं आणतो, त्यात साठीच्या दोघी आहेत ज्यांचे मिस्टर नाहीत आणि पिंगा त्यांच्यासारखा कोणाला जमत नाही. बक्षीस घेताना त्या पुढे, आणि संक्रांतीला त्यांना बोलावणं नाही. तेव्हा ते कुंकू चालतं ना, मग?

अजून दोन गोष्टी आहेत, पटकन सांगते. एक, वेळ चार ते सात ठेवू नका. नोकरी करणाऱ्यांना सुट्टी असली तरी शनिवारी सगळ्यांना नसते, हॉस्पिटलमधल्या, दुकानातल्या, शाळेतल्या पोरी सातनंतरच येतात आणि तोपर्यंत वाण संपलेलं असतं. नऊपर्यंत चालू ठेवा. दोन, आपल्याकडे धुणंभांडी, स्वयंपाक करणाऱ्या ताई, त्यांना आपण वाण दारात देतो, चपला घालून उभ्या असताना. त्यांनाही क्लबहाऊसमध्ये बोलवा, सावित्रीबाईंचं ते एक जाजम आठवून. त्या दिवशी त्यांना कप उचलायला लावू नका म्हणजे झालं. आणि खुर्च्या ठेवा भिंतीला लागून, सगळ्यांचे गुडघे आता सतरंजीवर बसायचे राहिले नाहीत, आमच्या समोरच्या आजी (ऐंशी पार, कुठल्याही मेसेजमध्ये न बसणाऱ्या) यायला तयार आहेत पण खाली बसता येत नाही म्हणाल्या.

वाण म्हणून परत प्लॅस्टिकची गाळणी नको, माझ्याकडे सात आहेत.

मेसेज मीच लिहून देते, कोणाला त्रास नको:

"शनिवारी संध्याकाळी ५ ते ९ क्लबहाऊसमध्ये संक्रांतीचा तिळगूळ आणि हळदीकुंकू आहे. कॉम्प्लेक्समधल्या आणि कॉम्प्लेक्समध्ये कामाला येणाऱ्या सगळ्या बायकांनी आणि मुलींनी यायचं आहे. कुंकू हवं तिने लावावं, अत्तर आणि तिळगूळ सगळ्यांना. बसायला खुर्च्या आहेत. वेगळं बोलावणं येणार नाही, हेच बोलावणं."

मंगळवारच्या मीटिंगला हा विषय पहिला घ्या, वाणाच्या बजेटच्या आधी, कारण बजेट निघालं की साडेनऊ वाजतात आणि सगळ्या उठतात. कोणाला पटत नसेल तर मीटिंगमध्ये समोर बोला, ग्रुपवर नुसता हात जोडलेला इमोजी नको. आणि जुनाच मेसेज ठेवायचं ठरलं तर माझे पाचशे परत करू नका, खुर्च्यांच्या भाड्यात घाला, मी त्या शनिवारी समोरच्या आजींकडे बसेन तिळगूळ घेऊन, ज्यांना यायचंय त्यांनी तिकडे यावं, दार उघडं आहे.

तुमचीच,
ए विंगमधली एक सभासद